सिकंदरबागेतील हाडे : फेलिचे बेआतो आणि युद्धछायाचित्रणाचा आरंभ

१.
लखनौच्या सिकंदरबागेचे एक छायाचित्र इतिहासाची आवड असलेल्या बहुतेकांच्या पाहण्यात आलेले असते. मागे पडझड झालेली इमारत, तिचे खांब, भिंतींवर माऱ्याचे व्रण, काही हिंदी माणसे, एक घोडा. आणि पुढच्या मोकळ्या जागेत विखुरलेली माणसांची हाडे. दरवर्षी मे महिन्यात १८५७ च्या उठावाची आठवण निघाली की हे चित्र हातोहात फिरू लागते. त्याखाली बहुधा एवढेच लिहिलेले असते : नोव्हेंबर १८५७, सिकंदरबागेतील कत्तल.

२.
छायाचित्र अस्सल आहे आणि कत्तलही झालेली आहे. मात्र कत्तल आणि छायाचित्र यांच्यामध्ये चार ते पाच महिन्यांचे अंतर आहे. हाडे जिथे दिसतात तिथे ती चार महिने तशीच पडून होती, असेही नाही. त्या अंतरात एका माणसाचा हात फिरलेला आहे. त्याचे नाव फेलिचे बेआतो. क्रिमिया, हिंदुस्थान, चीन, जपान, कोरिया, सुदान आणि ब्रह्मदेश अशा सात ठिकाणी साम्राज्यांच्या पाठोपाठ कॅमेरा घेऊन गेलेल्या या माणसाचा हा धागा.

३.
बेआतोचा जन्म १८३२ मध्ये व्हेनिस येथे झाला. त्याच्या लहानपणीच कुटुंब कॉर्फू बेटावर गेले. ते बेट त्या वेळी ब्रिटिशांच्या संरक्षणाखाली होते, आणि त्यामुळे जन्माने व्हेनिसचा असलेला हा माणूस कागदोपत्री ब्रिटिश प्रजाजन ठरला. पुढे कुटुंबाचा मुक्काम उस्मानी साम्राज्याच्या राजधानीत, कॉन्स्टँटिनोपलमध्ये पडला. अनेक भाषा, अनेक धर्म आणि अनेक देशांचे व्यापारी यांच्या त्या शहरात तो वाढला. कोणत्याही एका देशाचा नसलेला, पण ब्रिटिश लष्कराच्या छावणीत सहज प्रवेश मिळेल असा माणूस कसा घडला, याचे उत्तर या बालपणात सापडते.

४.
त्याच शहरात जेम्स रॉबर्टसन नावाचा एक इंग्रज गृहस्थ उस्मानी टाकसाळीत नाण्यांचे ठसे कोरण्याचे काम करी. छायाचित्रणाचा त्याला नाद होता. १८५५ मध्ये त्याने बेआतोच्या बहिणीशी विवाह केला. मेहुणा हाच गुरू झाला, आणि फेलिचे व त्याचा भाऊ अंतोनिओ हे दोघेही या नव्या विद्येत शिरले. छायाचित्रणाची कला जगापुढे जाहीर होऊन तेव्हा अवघी सोळा वर्षे झाली होती. जम बसलेल्या धंद्याचे स्वरूप तिला अजून आले नव्हते. धडपड्या माणसाला तिच्यात वाट काढता येत होती.

५.
त्याच वर्षी क्रिमियाचे युद्ध ऐन भरात होते. रॉजर फेंटन हा इंग्रज छायाचित्रकार मार्चमध्ये बालाक्लावाला पोहोचला होता. एका मद्यव्यापाऱ्याची जुनी घोडागाडी विकत घेऊन तिचीच त्याने डार्करूम केली होती. जूनअखेर तो परतला तेव्हा त्याच्याजवळ साडेतीनशेहून अधिक काचेच्या निगेटिव्ह होत्या. त्यांत सेनापती होते, छावण्या होत्या, जहाजांनी गजबजलेले बंदर होते. प्रेत मात्र एकही नव्हते. राजघराण्याला आणि लंडनच्या सुखवस्तू ग्राहकाला पाहवेल तेवढेच युद्ध त्या काचांवर उतरले होते.

६.
फेंटन गेल्यानंतर रॉबर्टसन आणि बेआतो हे दोघे क्रिमियाच्या भूमीवर उतरले. सप्टेंबर १८५५ मध्ये सेबास्तोपोल पडले, आणि त्याच्या उद्ध्वस्त तटबंद्या, मालाकोव्हचा बुरूज, मातीच्या ढिगाऱ्यांत रुतलेल्या तोफा त्यांनी टिपल्या. फेंटनने युद्धाची तयारी दाखवली होती. या दोघांनी युद्धाने मागे ठेवलेली राख दाखवली. प्रेते याही चित्रांत नाहीत. पण लढाई संपल्यावर उरणारी जागा हाच चित्राचा विषय होऊ शकतो, हे बेआतो बहुधा येथेच शिकला.

७.
त्या काळच्या तंत्राची मर्यादा येथे लक्षात घेणे आवश्यक आहे. काचेवर रासायनिक लेप द्यायचा, तिला चांदीच्या क्षारात बुडवायचे, मग अवजड लाकडी कॅमेऱ्यात बसवून प्रकाश दाखवायचा. बेआतो हिंदुस्थानात प्रामुख्याने अंड्याच्या पांढऱ्या बलकाचा लेप दिलेल्या काचा वापरत असे. त्या आधी तयार करून ठेवता येत, ही उन्हाळ्यात मोठीच सोय. परंतु प्रकाश टिपण्यात त्या मंद होत्या. धावणारा घोडा, उचललेली तलवार, तोफेच्या तोंडची आग यांपैकी काहीही त्यांवर उमटणे शक्य नव्हते. कॅमेऱ्यासमोर जे स्थिर राहील तेवढेच टिपले जाई. रणांगणावर स्थिर राहणाऱ्या गोष्टी दोनच : इमारती आणि मृतदेह.

८.
फेब्रुवारी १८५८ मध्ये बेआतो कलकत्त्यास उतरला. उत्तरेतील उठाव अजून शमला नव्हता. मार्चमध्ये लखनौ पुन्हा इंग्रजांच्या ताब्यात गेले आणि पाठोपाठ बेआतो तेथे पोहोचला. कैसरबाग, रेसिडेन्सी, इमामबाडा, मच्छीभवन ही सारी स्थळे त्याने टिपली. एकेका काचेत न मावणारे शहर त्याने अनेक काचा लागोपाठ वापरून, त्यांचे ठसे शेजारी शेजारी जोडून लांबच लांब चित्रपट्ट्यांत बसवले. त्या पट्ट्यांकडे पाहताना मिनार आणि घुमट यांनी भरलेल्या नगरीतले रस्ते विलक्षण रिकामे दिसतात. काही अंशी ती तंत्राची किमया आहे, कारण चालणारी माणसे काचेवर उमटतच नाहीत. काही अंशी ते शहर खरोखरच ओस पडले होते.

९.
आता सिकंदरबागेकडे यावे. नबाब वाजिद अली शहाने बांधलेली, उंच भिंतींनी वेढलेली ही बाग. १६ नोव्हेंबर १८५७ रोजी सर कॉलिन कॅम्पबेल रेसिडेन्सीतील वेढ्यात अडकलेल्यांच्या सुटकेसाठी निघाला असता वाटेत ती लागली. आतून शिपायांनी कडवा प्रतिकार केला. तोफांनी भिंतीला खिंडार पडले, ९३ वी हायलंडर पलटण आणि ४ थी पंजाब पलटण आत घुसली. बागेला बाहेर पडण्याची वाट उरली नाही. सुमारे दोन हजार शिपाई तेथे मारले गेले. इंग्रजांनी आपल्या मृतांना मूठमाती दिली. शिपायांच्या वाट्याला तेवढाही विधी आला नाही.

१०.
बेआतो तेथे आला तो १८५८ च्या मार्च-एप्रिलमध्ये. त्या वेळी लखनौत असलेले सनदी अधिकारी सर जॉर्ज कॅम्पबेल यांनी आपल्या आठवणींत याची नोंद ठेवली आहे. त्या १८९३ मध्ये प्रसिद्ध झाल्या. त्यांच्या सांगण्याचा आशय असा : मृतांचा तो ढीग छायाचित्रकार येण्यापूर्वीच व्यवस्थित झाकून टाकण्यात आला होता, पण त्याने आग्रह धरून तो उघडायला लावला, छायाचित्र घेतले, आणि त्यानंतर अवशेषांची अखेरची विल्हेवाट लागली. आज दिसणारी हाडे अशा रीतीने पुन्हा उजेडात आणलेली आहेत.

११.
बेआतोने असे का केले असावे, याचे उत्तर त्याच्या धंद्यात आहे. तो लष्कराचा पगारी नोकर नव्हता. छायाचित्रांचे ठसे काढून विकणे हे त्याच्या उपजीविकेचे साधन. एप्रिलमधील सिकंदरबाग म्हणजे मोडक्या खांबांची एक इमारत आणि गवत वाढलेले अंगण. लखनौत अशा इमारती पदोपदी होत्या. तेथे काय घडले हे त्या दगडांकडे पाहून कोणालाही कळले नसते. हाडे मांडली आणि तीच जागा बोलू लागली. घडून गेलेली गोष्ट घडताना पकडता येत नाही, म्हणून तिचा देखावा नंतर उभा करायचा, हा उपाय त्याने शोधला. त्या उपायाची किंमत मृतांनी मोजली.

१२.
छायाचित्रासोबत फिरणारे शीर्षकही तितकेच बोलके आहे. ९३ व्या हायलंडर आणि ४ थ्या पंजाब पलटणीने दोन हजार बंडखोरांची कत्तल केल्यानंतरचा बागेचा अंतर्भाग, नोव्हेंबर १८५७, असा त्याचा मथळा. चित्र काढल्याचा महिना त्यात नाही. घटनेचा महिना आहे. 'नंतरचा' या एका शब्दात पाच महिने गडप झाले आहेत. आजच्या वाचकाची जी फसगत होते तिचा उगम गेल्या दहा-वीस वर्षांतील समाजमाध्यमांत नाही. तो चित्राच्या जन्मापासूनच त्याच्या कपाळी लिहिलेला आहे.

१३.
हे चित्र विकत घेणारा कोण होता, हेही पाहावे. उठाव मोडण्यासाठी लढलेले अधिकारी आणि इंग्लंडमधील त्यांची मंडळी हा बेआतोचा ग्राहक. कानपूरला जाऊन त्याने सतीचौरा घाट, व्हीलरची तटबंदी आणि बिबीघराची जागा टिपली. जुलै १८५७ मध्ये बिबीघरात सुमारे दोनशे इंग्रज स्त्रिया व मुले मारली गेली होती, आणि त्या प्रकारासोबत नानासाहेब पेशव्यांचे नाव इंग्लंडच्या घराघरांत पोहोचले होते. एकाच संग्रहात आधी कानपूर आणि मग लखनौ असे पाहणाऱ्याच्या मनात एक हिशेब आपोआप जुळे : तिथे अपराध, इथे शासन. बेआतोला त्यावर एक शब्दही लिहावा लागला नाही.

१४.
हिंदुस्थानातील त्याच्या चित्रांत फासावर लटकणाऱ्या दोन शिपायांचेही एक चित्र आहे. पण इंग्रज सैनिकाचे प्रेत त्याच्या चित्रांत शोधून सापडत नाही. इंग्रजांचा मृत्यू तो जागेतून दाखवतो : घाट, विहीर, भिंत, थडगे. हिंदी माणसाचा मृत्यू तो देहातून दाखवतो. एकाच्या मरणाला स्मारक, दुसऱ्याच्या मरणाला प्रदर्शन. युद्धछायाचित्रणात मृतदेह प्रथम कोणी आणले, असा प्रश्न विचारला की बेआतोचे नाव अग्रभागी येते. त्याबरोबरच दुसरा प्रश्न विचारायला हवा : कोणाचे मृतदेह?

१५.
येथे एक शंका संभवते. हिंदी लोकांना हे तंत्रच अवगत नसावे, म्हणून त्यांची बाजू टिपली गेली नाही, असे वाटू शकते. वस्तुस्थिती तशी नाही. मुंबईत १८५४ मध्येच छायाचित्रकारांची संस्था स्थापन झाली होती आणि डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू डॉ. नारायण दाजी हे त्या काळचे नामांकित छायाचित्रकार होते. खुद्द लखनौत अहमद अली खान यांनी उठावापूर्वी नबाबी परिवाराची आणि शहरातील इंग्रज रहिवाशांची छायाचित्रे काढली होती. त्यांतले कित्येक इंग्रज पुढे रेसिडेन्सीच्या वेढ्यात सापडले. कॅमेरा होता, तो चालवणारे हातही होते. पण पराभूतांच्या छावणीत रसायने, काचा आणि निवांतपणा यांपैकी काहीच उरत नाही.

१६.
त्यांच्या बाजूने उरले ते शब्द. ज्या आठवड्यांत बेआतो लखनौमध्ये काचा धूत होता, त्याच आठवड्यांत कोकणातील वरसई गावचे विष्णुभट गोडसे झाशीत अडकले होते. ग्वाल्हेरच्या बायजाबाई शिंदे यज्ञ करणार असे ऐकून दक्षिणेच्या आशेने ते आपल्या काकांसह उत्तरेकडे निघाले आणि उठावाच्या वणव्यात सापडले. एप्रिल १८५८ च्या आरंभी सर ह्यू रोजच्या फौजेने झाशी घेतली. त्यानंतरची लूट, जाळपोळ, तहान आणि भीती भटजींनी जवळून पाहिली आणि पुढे 'माझा प्रवास' या पुस्तकात सांगितली. ते १९०७ मध्ये प्रसिद्ध झाले.

१७.
दोन साक्षी समोरासमोर ठेवल्या की फरक दिसतो. बेआतोचा कॅमेरा पलटण निघून गेल्यावर बागेत शिरतो. भटजी पलटण गल्लीत असताना घरात दडून असतात. बेआतोच्या चित्रातील मृतांना नाव, गाव, जात काहीच नाही. भटजींच्या झाशीत विहिरीचे पाणी आणि घासभर अन्न यांनाही मोल आहे. मात्र म्हणून शब्द निर्मळ आणि चित्र बनावट, असा सोपा निकाल देता येत नाही. भटजींचे लेखनही चिंतामणराव वैद्यांनी फेरफार करूनच छापले. मूळ हस्तलिखितावरची संहिता पुढे दत्तो वामन पोतदारांनी उजेडात आणली. हाडांची मांडणी होते तशी वाक्यांचीही होते. अभ्यासकाने दोहोंच्या खाली काय होते ते खणून पाहायचे असते.

१८.
१८६० मध्ये बेआतो दुसऱ्या अफूयुद्धातील इंग्रज-फ्रेंच मोहिमेबरोबर चीनला गेला. या वेळी फौजेच्या मागून येण्याऐवजी तो तिच्या सोबतच होता. २१ ऑगस्ट रोजी ताकूचा उत्तरेकडील किल्ला पडला आणि बेआतो लगोलग आत शिरला. तटाच्या आत चिनी सैनिकांची प्रेते पडलेली होती. डेव्हिड रेनी नावाच्या लष्करी डॉक्टरने नोंदवून ठेवले आहे की बेआतो तेथे अतिशय उत्तेजित अवस्थेत वावरत होता, प्रेतांच्या एका समूहाला सुंदर म्हणत होता आणि आपले चित्र होईपर्यंत त्याला कोणी हात लावू नये अशी विनवणी करत होता. लखनौत त्याने मृत्यूचा देखावा पुन्हा मांडला होता. येथे तो देखावा आयताच मिळाला.

१९.
'सुंदर' हा शब्द वाचून आजचा वाचक शहारतो, आणि शहारावेच. तरी तो शब्द समजून घेणेही गरजेचे आहे. बेआतो त्या क्षणी माणसे पाहत नव्हता. रचना पाहत होता. शिड्या, खुंट, तोफा आणि देह यांची एकमेकांशी बसलेली चौकट त्याला दिसत होती. अशी नजर असल्याशिवाय चित्र होत नाही, आणि अशी नजर कमावली की समोर पडलेला देह काही तासांपूर्वी श्वास घेत होता हे विसरायला वेळ लागत नाही. युद्धछायाचित्रणाच्या जन्माबरोबरच ही पेचाची गाठ पडली, आणि पुढे त्या व्यवसायात शिरलेल्या प्रत्येकाच्या वाट्याला ती आली.

२०.
ऑक्टोबरमध्ये फौज पेकिंगला पोहोचली. तेथील उन्हाळी राजवाड्याच्या परिसराची छायाचित्रे बेआतोने घेतली. आणि त्याच महिन्याच्या १८ तारखेला लॉर्ड एल्गिनच्या हुकुमाने राजवाडे पेटवले गेले. आग लागण्यापूर्वीच्या काही वास्तूंचे रूप आज दिसते ते बेआतोच्या काचांमुळे. ज्या फौजेने वास्तू जाळली तिच्याच सोबत्याने तिचे शेवटचे दर्शन जपले. त्याच्या कामाचे मोल ठरवताना ही बाजूही तराजूत टाकावी लागते. तो नसता तर कत्तलीचा देखावा नसता, पण अनेक वास्तूंचे स्मरणही नसते.

२१.
२४ ऑक्टोबरला तहावर सह्या होत होत्या. चिनी सम्राटाचे बंधू राजपुत्र गोंग समोर बसले होते. ऐन समारंभात बेआतोने आपला कॅमेरा दाराशी आणून त्याचे मोठे भिंग थेट राजपुत्राच्या छातीवर रोखले. सेनापती होप ग्रँट यांच्या आठवणींनुसार राजपुत्राचा चेहरा पांढराफटक पडला. हे यंत्र आता आपले मस्तक उडवणार असे त्याला वाटले. प्रकाश अपुरा असल्याने ते चित्र साधलेच नाही. २ नोव्हेंबरला मात्र राजपुत्र कॅमेऱ्यापुढे बसला, आणि ते चित्र टिकले. इंग्रजांना पहिल्या प्रसंगाचे हसू आले होते. पण राजधानीच्या वेशीवर परक्यांच्या तोफा उभ्या असताना समोर आणलेल्या नळकांड्याला तोफ समजणाऱ्या माणसाची चूक किती मोठी म्हणावी?

२२.
१८६१ मध्ये लंडनला परतल्यावर बेआतोने हिंदुस्थान आणि चीन येथील चारशे छायाचित्रे हेन्री हेरिंग या व्यावसायिकाला विकली. त्याने त्यांचे ठसे काढून विक्रीस ठेवले. वृत्तपत्रात छायाचित्र थेट छापण्याची सोय तेव्हा नव्हती. चित्रावरून लाकडी ठशावर कोरीवकाम करून ते छापावे लागे. त्यामुळे मूळ ठसे हे महागडे आणि मोजक्या घरांतले धन होते. अमेरिकेतील यादवी युद्धात १८६२ मध्ये अँटिएटमच्या मृतांची छायाचित्रे न्यूयॉर्कमध्ये मांडली गेली तेव्हा तिथले लोक हादरले. कारण ते मृत त्यांचेच भाऊबंद होते. बेआतोच्या लंडनमधील ग्राहकाला सिकंदरबागेत किंवा ताकूत ओळखीचा चेहरा सापडण्याचे भय नव्हते.

२३.
मांडणीचा दोष एकट्या बेआतोच्या माथी मारणेही योग्य नव्हे. फेंटनच्या क्रिमियातील प्रसिद्ध दरीचे दोन ठसे आहेत : एकात तोफगोळे रस्त्यावर विखुरलेले आहेत, दुसऱ्यात रस्ता मोकळा आहे; ते कोणी आणि केव्हा हलवले यावर आजही वाद होतात. १८६३ मध्ये गेटिसबर्ग येथे अलेक्झांडर गार्डनरच्या चमूने एका मृत सैनिकाचा देह उचलून दगडांच्या आडोशाला नेऊन ठेवला आणि त्याला नेमबाजाचे रूप दिले. छायाचित्र म्हणजे घडले तसे, ही समजूत रूढ होण्याआधीच तिला तडे गेले होते.

२४.
१८६३ पासून बेआतो जपानमध्ये योकोहामा येथे राहू लागला. चित्रकार चार्ल्स विर्गमन हा त्याचा भागीदार. जपानी रंगकर्मींकडून हाताने रंगवून घेतलेली त्याची निसर्गचित्रे आणि माणसांची चित्रे पाश्चात्त्य प्रवासी हौसेने विकत घेत. १८६६ च्या आगीत त्याचा स्टुडिओ जळाला, काचा नष्ट झाल्या. त्याने पुन्हा आरंभ केला. युद्धाने मात्र त्याची पाठ सोडली नाही, किंवा त्याने युद्धाची सोडली नाही. १८६४ मध्ये शिमोनोसेकी येथे पाश्चात्त्य आरमारांनी जपानी तोफखाना घेतला तेव्हा तो तेथे होता. १८७१ मध्ये अमेरिकन आरमाराबरोबर तो कोरियाला गेला. त्या लढाईत तीन अमेरिकन पडले आणि कोरियाचे दोनशेहून अधिक. चित्रे कोणत्या मृतांची निघाली, हे आता सांगायला नको.

२५.
१८७७ मध्ये त्याने आपला छायाचित्रांचा साठा विकून टाकला आणि इतर व्यवहारांत पैसा गुंतवला. योकोहामाच्या चांदीच्या सट्ट्यात तो पुरता बुडाला. १८८५ मध्ये सुदानकडे जाणाऱ्या ब्रिटिश मोहिमेमागे तो निघाला, पण खार्टूम आधीच पडले होते आणि जनरल गॉर्डन मारला गेला होता. या वेळी त्याला उशीर झाला. त्यानंतर नुकत्याच जिंकलेल्या ब्रह्मदेशात त्याने बस्तान बसवले. मंडालेत छायाचित्रांबरोबर लाकडी कोरीवकाम, फर्निचर आणि शोभेच्या वस्तू विकण्याचे दुकान त्याने थाटले. रणांगणावर आरंभ झालेले आयुष्य असे गल्ल्याशी येऊन थांबले. आणि खरे पाहता दोन्ही ठिकाणी तो एकच धंदा करत होता.

२६.
त्याच्या स्वतःच्या चरित्राची गत मोठी विचित्र झाली. काही छायाचित्रांवर फेलिचे आणि अंतोनिओ ही दोन्ही नावे जोडून आढळत, त्यामुळे दोन भाऊ म्हणजे एकच माणूस असा समज बळावला. मग एकच माणूस एकाच वेळी इजिप्तमध्ये आणि जपानमध्ये कसा, हे कोडे अभ्यासकांना छळत राहिले. अंतोनिओ इजिप्तमध्ये लक्सर येथे स्थायिक झाला होता आणि आपण दोघे वेगळे असल्याचे त्याने १८८६ मध्ये एका फ्रेंच नियतकालिकाला कळवलेही होते. त्या पत्राकडे जवळजवळ शंभर वर्षे कोणाचे लक्ष गेले नाही. फेलिचे ब्रह्मदेशात वारला असेही मानले जाई. मृत्यूचा दाखला सापडला तेव्हा कळले की २९ जानेवारी १९०९ रोजी फ्लॉरेन्समध्ये त्याने प्राण सोडला. त्याच्या जन्माचे ठिकाण आणि साल यांचा वादही त्याच कागदाने मिटवला.

२७.
इतरांचा मृत्यू काचेवर कायम करणाऱ्या माणसाच्या स्वतःच्या मृत्यूचा पत्ता शंभर वर्षे लागला नाही, यात काव्यात्म न्याय शोधण्याचा मोह होतो. तो आवरलेला बरा. बेआतोचे नाव निदान शेवटी सापडले. सिकंदरबागेतील दोन हजारांपैकी चित्रात ज्यांची हाडे आहेत त्यांतल्या एकाचेही नाव आजवर चित्राखाली लागलेले नाही, आणि लागण्याची आशाही नाही. शिवाय तेथे उभी असलेली हिंदी माणसे कोण होती? ती पाहायला आली होती, की त्यांनाच ती हाडे उघडायला लावली होती? चित्र याविषयी गप्प आहे.

२८.
मग हे चित्र पुन्हा समोर आले तर काय करावे? ते खोटे म्हणून टाकून देऊ नये. दोन हजार माणसे तेथे मारली गेली, आणि विजेत्यांना ते लपवावेसे वाटले नाही, उलट विकावेसे वाटले, याचा इतका स्पष्ट पुरावा दुसरा नाही. मात्र त्याखालचा मथळा बदलावा. सिकंदरबाग, लखनौ. मार्च-एप्रिल १८५८. छायाचित्रकार फेलिचे बेआतो. नोव्हेंबर १८५७ मध्ये येथे मारल्या गेलेल्या शिपायांचे अवशेष, छायाचित्रासाठी उघडे केलेले. एवढ्या चार ओळी लिहिल्या तर पाहणारा क्षणभर अधिक थांबेल, आणि ज्यांना मूठमातीही नीट मिळाली नाही त्यांच्याविषयी निदान एक वाक्य तरी अचूक लिहिले जाईल.